मयत कर्मचाऱ्याच्या पैशावर हक्क कोणाचा: नॉमिनीचा, वारसाचा की कुटुंबाचा?

प्रश्न थोडक्यात असा आहे. वडील राज्य शासनाच्या एका विभागात 1998 पासून नोकरीला होते आणि सेवेत असतानाच गेल्या वर्षी वारले. आई-वडील सुमारे पंधरा वर्षे वेगळे राहत होते. न्यायालयातून घटस्फोट झालेला नाही, मात्र शंभर रुपयांच्या स्टँप पेपरवर दोघांच्या सह्यांची सोडचिठ्ठी आहे. त्यानंतर वडिलांनी दुसऱ्या एका बाईंशी देवळात लग्न केले आणि त्यांच्यापासून त्यांना चौदा वर्षांचा मुलगा आहे. भविष्य निर्वाह निधीचे नामनिर्देशन आजीच्या नावे असून ते वडिलांच्या लग्नाआधीचे आहे. ग्रॅच्युइटीच्या नामनिर्देशनात मात्र त्या बाईंचे नाव 'पत्नी' म्हणून लिहिलेले आहे. दोन्ही बाजूंचे अर्ज आल्यामुळे कार्यालय म्हणते की प्रत्येक रकमेसाठी न्यायालयाचे वारसा प्रमाणपत्र आणा. प्रश्न विचारणारी विवाहित मुलगी आहे. आईला काय मिळेल, आपल्याला काही मिळेल का आणि सुरुवात कुठून करावी, हे तिला जाणून घ्यायचे आहे.

उत्तर:

ताई, आपल्या पत्रात "वडिलांचा निवृत्तीचा पैसा" असा एकच शब्दप्रयोग सगळीकडे आला आहे, आणि या प्रकारचे बहुतेक वाद त्यामुळेच वर्षानुवर्षे रेंगाळतात. हा पैसा एक नाही. भविष्य निर्वाह निधी, मृत्यू उपदान म्हणजे ग्रॅच्युइटी, गट विमा, शिल्लक रजेचे रोखीकरण, थकीत वेतन आणि कुटुंब निवृत्तिवेतन या सगळ्या रकमा एकाच माणसाच्या नोकरीतून आल्या असल्या तरी प्रत्येकीचे नियम निराळे आहेत. एका रकमेत ज्याला वाटा आहे त्याला दुसरीत काहीच नसेल, असे सर्रास घडते. म्हणून "वारस कोण" हा प्रश्न दुसरा. पहिला प्रश्न नेहमी "रक्कम कोणती" हा असतो. मी त्याच क्रमाने उत्तर देतो.

भविष्य निर्वाह निधीपासून सुरुवात करू, कारण तिथले चित्र सर्वांत स्पष्ट आहे. वडिलांनी जमा केलेली ही रक्कम त्यांची स्वतःची मालमत्ता होती आणि त्यांच्या मृत्यूनंतर ती त्यांच्या वारसांची झाली. नामनिर्देशनाने आजीला ती रक्कम कार्यालयाकडून स्वीकारण्याचा अधिकार मिळतो. पण ती एकट्या आजीच्या मालकीची होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1983 मध्ये सरबती देवी प्रकरणात विम्याच्या रकमेबाबत हे तत्त्व सांगितले, की नॉमिनी हा रक्कम स्वीकारणारा हात आहे आणि वारसा कायद्याने ज्यांचा हक्क आहे तो त्याने संपत नाही. पुढे 2009 मध्ये शिप्रा सेनगुप्ता प्रकरणात, लग्नाआधी आईच्या नावे केलेल्या भविष्य निर्वाह निधीच्या नामनिर्देशनाबाबत, म्हणजे जवळजवळ आपल्यासारख्याच वस्तुस्थितीत, न्यायालयाने तेच तत्त्व लावून विधवेचा वाटा मान्य केला. बँकेतील ठेवी आणि कंपन्यांचे शेअर यांबाबतही सर्वोच्च न्यायालयाची भूमिका हीच राहिली आहे. शेअरबाबतचा निकाल डिसेंबर 2023 चा आहे. एक अपवाद मात्र लक्षात ठेवावा. 2015 च्या दुरुस्तीनंतर आयुर्विम्याच्या पॉलिसीत आई-वडील, पती-पत्नी किंवा मुले नॉमिनी असतील तर त्यांना त्या रकमेचा लाभही मिळतो. वडिलांची एखादी खासगी पॉलिसी असेल तर ती या हिशेबात न मिसळता वेगळी तपासावी.

मग वारस कोण? आपण हिंदू वारसा कायदा, 1956 लागू असलेल्या कुटुंबातील आहात असे धरून लिहितो. विवाहित पुरुष मृत्युपत्र न करता वारला तर त्याची विधवा, मुलगे, मुली आणि आई हे पहिल्या वर्गातील वारस असतात आणि प्रत्येकाला समान वाटा मिळतो. आपल्या बाबतीत ते चौघे आहेत: आपली आई, आपण, तो चौदा वर्षांचा मुलगा आणि आजी. निधीची रक्कम समजा 12 लाख रुपये असेल तर प्रत्येकाचे 3 लाख होतात. आपले लग्न झाले आहे याने या वाट्यात काडीचाही फरक पडत नाही. आजोबा हयात असले तरी या रकमेत त्यांना वाटा नाही, कारण वडील हे दुसऱ्या वर्गातील वारस आहेत. पुष्कळ घरांत हे ऐकून लोकांना धक्का बसतो.

त्या मुलाचे नाव मी यादीत घेतले, याबद्दल आपल्या घरात नाराजी होऊ शकते. पण कायदा येथे निःसंदिग्ध आहे. पहिले लग्न कायम असताना केलेले दुसरे लग्न हिंदू विवाह कायद्याच्या कलम 11 प्रमाणे मुळातच रद्दबातल असते, मात्र कलम 16 प्रमाणे त्या संबंधातून झालेले मूल औरस मानले जाते आणि आई-वडिलांच्या मालमत्तेत त्याला हक्क असतो. सप्टेंबर 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हा हक्क आणखी स्पष्ट केला. भविष्य निर्वाह निधी ही वडिलांची स्वकष्टार्जित मालमत्ता असल्यामुळे तिथे तर वादाला जागाच उरत नाही. अर्जातून त्या मुलाचे नाव गाळण्याचा सल्ला आपल्याला कोणी देत असेल तर तो ऐकू नका. न्याय म्हणूनही तो वाईट आहे आणि व्यवहार म्हणूनही धोक्याचा आहे. त्याचे कारण पुढे येईल.

त्या बाईंना स्वतःला या निधीत वारस म्हणून वाटा नाही. पण वडिलांनी मृत्युपत्र केले होते का, हे आधी शोधा. निधी ही मालमत्ता असल्याने तिची विल्हेवाट मृत्युपत्राने लावता येते, आणि वडिलांनी रीतसर मृत्युपत्राने ती त्या बाईंना दिली असेल व ते न्यायालयात सिद्ध झाले तर वरची चार वाट्यांची मांडणीच बदलेल.

आता ग्रॅच्युइटी. येथे नामनिर्देशन त्या बाईंच्या नावे आहे आणि त्यांचा सगळा भर त्या एका कागदावर असणार. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 प्रमाणे ज्या कर्मचाऱ्याला कुटुंब आहे त्याला उपदानासाठी कुटुंबातील व्यक्तीचेच नामनिर्देशन करता येते. त्या बाई कायद्याने पत्नी नसतील तर त्या नियमांतील 'कुटुंबा'त बसत नाहीत आणि नामनिर्देशन टिकत नाही. नाते या रकान्यात 'पत्नी' असे लिहिल्याने कोणी पत्नी होत नाही. तो मूळ नमुना मात्र आपण डोळ्यांनी पाहायलाच हवा. त्यावरची तारीख कोणती, कार्यालय प्रमुखाने तो स्वीकारल्याची सही व शिक्का आहे का, सेवापुस्तकात त्याची नोंद घेतली आहे का, आणि त्याआधी आपल्या आईच्या नावे केलेला एखादा नमुना त्याच सेवापुस्तकाला चिकटवलेला आहे का? जुन्या सेवापुस्तकांत दोन-दोन नामनिर्देशने एकावर एक लावलेली असतात, आणि खालच्या कागदावर पत्नी म्हणून आपल्या आईचे नाव व वडिलांची सही निघाली तर तो पुढच्या लढाईतला फार मोलाचा पुरावा ठरतो.

वैध नामनिर्देशन नसेल तर हे नियमच रक्कम कोणाला अदा करायची ते सांगतात. पहिल्या गटात पत्नी, मुलगे, अविवाहित मुली आणि विधवा मुली येतात व त्यांच्यात ती समान वाटली जाते. आई-वडील आणि विवाहित मुली या दुसऱ्या गटात येतात, आणि पहिल्या गटातील कोणीही हयात असेल तर दुसऱ्या गटाची पाळी येत नाही. म्हणजे निधीत चौथ्या हिश्शाच्या वारस असलेल्या आपण आणि आपली आजी, दोघीही उपदानाच्या अदायगीत मागे पडता. कार्यालयाने नियम काटेकोरपणे लावले तर ती रक्कम आपली आई आणि तो मुलगा यांच्यात निम्मी-निम्मी होईल. एवढी अदायगी झाल्यावर इतर वारसांना त्यात दिवाणी न्यायालयातून वाटा मागता येतो का, यावर वेगवेगळ्या न्यायालयांनी वेगवेगळ्या भूमिका घेतल्या आहेत. माझे स्वतःचे मत असे, की आई हयात आणि गरजू असताना आपण त्या मुद्द्यावर वेळ व पैसा घालवू नये.

कुटुंब निवृत्तिवेतनाबाबत सर्वांत जास्त गैरसमज आहेत आणि आपल्या आईच्या दृष्टीने तीच सर्वांत महत्त्वाची रक्कम आहे. वडील 1 नोव्हेंबर 2005 पूर्वी रुजू झाले असल्यामुळे त्यांना जुनी निवृत्तिवेतन योजना लागू होती. हे निवृत्तिवेतन वडिलांची मालमत्ता नाही. ते त्यांच्या हयातीत कधीच देय झाले नव्हते. त्यांच्या मृत्यूनंतर नियमांनी ज्या व्यक्ती ठरवल्या आहेत त्यांना ते थेट मिळते. म्हणून त्यावर वारसा कायदा चालत नाही, मृत्युपत्र चालत नाही आणि नामनिर्देशनही चालत नाही. व्हायोलेट आयझॅक प्रकरणात 1991 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की कुटुंब निवृत्तिवेतन मृत्युपत्राने कोणाला देता येत नाही. 1999 मधील जी. एल. भाटिया प्रकरण आपल्या आईने जपून ठेवावे असे आहे. त्यात पती-पत्नी वेगळे राहत होते, नोकरदार पत्नीने नामनिर्देशन मुलीच्या नावे केले होते, तरीही न्यायालयाने कुटुंब निवृत्तिवेतन पतीला दिले; कारण वेगळे राहण्याने नाते संपत नाही आणि नियमांच्या विरुद्ध केलेल्या नामनिर्देशनाला अर्थ नसतो. "पंधरा वर्षे ती इकडे फिरकली नाही, मग आता पेन्शन कशी मागते" असे आपल्या आईला नातेवाईक बोलत असतील. त्या बोलण्याला या निकालापुढे कायद्यात स्थान नाही.

दुसऱ्या बाजूचे वकील वर सांगितलेल्या 1982 च्या निवृत्तिवेतन नियमांतील नियम 116 मधल्या एका वाक्यावर बोट ठेवतील. एकापेक्षा अधिक विधवा असतील तर निवृत्तिवेतन त्यांच्यात समान विभागावे, असे तिथे म्हटले आहे. या तरतुदीच्या आधारे दुसऱ्या पत्नींनी केलेल्या मागण्यांवर उलटसुलट निकाल होत राहिले आणि शेवटी मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने 2019 मध्ये त्याचा अर्थ लावला. ज्यांच्या व्यक्तिगत कायद्यात दुसरे लग्न वैध आहे त्यांच्यासाठीच ही विभागणी आहे. जिथे दुसरे लग्न रद्दबातल ठरते तिथे ती स्त्री 'विधवा' होत नाही. त्या मुलाचा मुद्दा पुन्हा वेगळा आहे. रामेश्वरी देवी विरुद्ध बिहार राज्य या 2000 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने दुसऱ्या स्त्रीला काहीही दिले नाही, मात्र तिच्या अज्ञान मुलांना ती सज्ञान होईपर्यंत कुटुंब निवृत्तिवेतनात आणि उपदानात वाटा कायम ठेवला. त्यामुळे आपल्या आईने पूर्ण निवृत्तिवेतनाचा आग्रह धरला तरी काही वर्षे त्यात त्या मुलाचा वाटा निघण्याची तयारी ठेवावी.

आतापर्यंतचे सगळे विवेचन एका गृहीतकावर उभे आहे, ते म्हणजे आपल्या आई-वडिलांचे लग्न वडिलांच्या मृत्यूपर्यंत कायम होते. त्या सोडचिठ्ठीचे काय, हा या प्रकरणाचा खरा गाभा आहे आणि त्याबद्दल मी आपल्याला खोटा दिलासा देणार नाही.

असे कागद महाराष्ट्रात जागोजागी सापडतात. वर विक्रेत्याचा शिक्का, आत "आजपासून आम्हा उभयतांचा पती-पत्नी म्हणून काहीही संबंध राहिला नाही, दोघांनाही दुसरे लग्न करण्यास मोकळीक आहे" असा मजकूर, खाली दोन पंचांच्या सह्या किंवा अंगठे, आणि कधी नोटरीचा गोल शिक्का. हिंदू विवाह कायद्याखाली झालेले लग्न अशा कागदाने मोडत नाही. नोटरीने मोडत नाही आणि नोंदणी केली तरी मोडत नाही. त्यासाठी न्यायालयाचा हुकूमनामा लागतो. मात्र त्याच कायद्याच्या कलम 29(2) मध्ये रूढीने चालत आलेला घटस्फोट राखून ठेवला आहे. काही समाजांत पंचांसमोर काडीमोड घेण्याची रूढी आहे आणि ती प्राचीन, निश्चित व अखंड चालत आलेली आहे असे पुराव्याने सिद्ध झाले तर तो घटस्फोट कायदेशीर ठरू शकतो. हे सिद्ध करण्याचा भार जो रूढी सांगतो त्याच्यावर असतो. "आमच्यात असेच होते" एवढे विधान पुरत नाही, समाजातील जुनी उदाहरणे व जाणकार साक्षीदार लागतात. पण ते सिद्ध झाले तर सगळे उलटते: आपली आई विधवा राहत नाही, त्या बाईंचे लग्न वैध ठरते, आणि निवृत्तिवेतन, उपदानाचे नामनिर्देशन व वारशाचा वाटा त्यांच्या बाजूला जातो. म्हणून वकिलाला भेटायला जाताना पहिल्यांदा हा कागद दाखवा. तो लपवून दावा लावणे ही सर्वांत मोठी घोडचूक ठरेल, कारण त्याची दुसरी प्रत नक्कीच त्या बाईंकडे आहे.

त्याच्या विरुद्ध जाणारा पुरावा आतापासूनच गोळा करावा. कागदाच्या तारखेनंतरही वडिलांनी आईला पत्नी म्हणून दाखवले असेल तर तो सर्वांत वजनदार. वैद्यकीय प्रतिपूर्तीच्या देयकातील कुटुंबाची यादी, कार्यालयाला दिलेले कुटुंबाचे विवरण, घर किंवा जमीन खरेदीचे दस्त, आईने पोटगीसाठी अर्ज केला असल्यास त्यातील वडिलांचे लेखी म्हणणे, शिधापत्रिका, मतदार यादी हे सगळे पाहा. कार्यालयातील नामनिर्देशने आणि सेवापुस्तकाच्या प्रती वारस म्हणून लेखी मागाव्यात. टाळाटाळ झाली तर माहिती अधिकारात अर्ज करावा, आणि तिथेही तिसऱ्या व्यक्तीची माहिती म्हणून नकार आला तर दाव्यात न्यायालयामार्फत ते अभिलेख मागवता येतात.

आता कार्यालयाच्या मागणीकडे येतो. निधी, थकीत वेतन यांसारख्या रकमांसाठी भारतीय उत्तराधिकार कायदा, 1925 खालील वारसा प्रमाणपत्र मागणे योग्य आहे, विशेषतः दोन परस्परविरोधी अर्ज आलेले असताना. त्या प्रमाणपत्रावर विसंबून पैसे दिले की देणारा मोकळा होतो, म्हणून कार्यालयाला ते हवे असते. पण कुटुंब निवृत्तिवेतन हे मयताचे येणे नसल्यामुळे त्यासाठी हे प्रमाणपत्र हा मुळात चुकीचा कागद आहे. तिथे प्रश्न वारसाचा नसून कायदेशीर पत्नी कोण एवढाच आहे. तो वादग्रस्त असेल तर त्यासाठी वैवाहिक दर्जा जाहीर करून मागण्याचा दावा करावा लागतो. जिथे कौटुंबिक न्यायालय आहे तिथे तो 1984 च्या कायद्याप्रमाणे त्या न्यायालयात, नसेल तिथे दिवाणी न्यायालयात. तलाठ्याने केलेली वारस नोंद किंवा सरपंचाचा दाखला यांतले काहीही या दोहोंची जागा घेऊ शकत नाही. फेरफारातील नोंद महसुलासाठी असते. महाराष्ट्रात 1827 च्या मुंबई रेग्युलेशनखाली न्यायालयाकडून वारस दाखलाही मिळतो, परंतु रक्कम वसूल करायची असेल तर 1925 च्या कायद्याखालील प्रमाणपत्रच मागावे.

त्यासाठीचा अर्ज वडील मृत्यूसमयी ज्या जिल्ह्यात राहत होते तिथल्या न्यायालयात होतो. अर्जात मृत्यूची तारीख, राहण्याचे ठिकाण, सर्व जवळच्या नातेवाइकांची नावे व पत्ते आणि ज्या रकमांसाठी प्रमाणपत्र हवे त्यांचा तपशील लिहावा लागतो. म्हणून आधी कार्यालयाकडून प्रत्येक रकमेचा लेखी आकडा घ्या. महालेखापालांच्या निधी-विवरणातील शिल्लक आणि अर्जातील आकडा जुळला नाही तर प्रमाणपत्र मिळाल्यावरही पुन्हा दुरुस्तीसाठी न्यायालयात जावे लागते. नातेवाइकांना नोटिसा निघतात, वर्तमानपत्रात जाहीर नोटीस येते, हरकत आली नाही तर प्रकरण लवकर निघते. आपल्याकडे हरकत येणारच आहे. ही चौकशी संक्षिप्त स्वरूपाची असते आणि गुंतागुंतीचा प्रश्न असला तरी प्रथमदर्शनी ज्याचा हक्क अधिक भक्कम दिसतो त्याला न्यायालय प्रमाणपत्र देऊ शकते, गरज वाटल्यास जामीन घेऊन. मालकीचा अंतिम निर्णय त्यात होत नाही. नंतर स्वतंत्र दावा करण्याचा मार्ग खुला राहतो. त्या मुलाचे नाव लपवून प्रमाणपत्र घेतले तर महत्त्वाची माहिती दडवल्याच्या कारणावरून ते कलम 383 खाली रद्द होऊ शकते आणि घेतलेली रक्कम परत करण्याची वेळ येते. मगाशी म्हणालो तो धोका हाच.

प्रमाणपत्र कोणाच्या नावे निघाले यावरून खचून जाण्याचे कारण नाही. विद्याधरी विरुद्ध सुखराणाबाई या 2008 च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने प्रमाणपत्र दुसऱ्या स्त्रीला, ती नॉमिनी असल्यामुळे, दिले. पण त्याच निकालात चार मुले आणि पहिली पत्नी यांचा प्रत्येकी एक पंचमांश वाटा राखून ठेवला. त्या स्त्रीला स्वतःला वारस म्हणून काही मिळाले नाही. रक्कम हाती येणे आणि रक्कम आपली होणे या वेगळ्या गोष्टी आहेत, हे याहून स्पष्टपणे दाखवणारे दुसरे प्रकरण मला आठवत नाही.

पहिले पाऊल मात्र न्यायालयाचे नाही. आपल्या आईच्या सहीचे एक पत्र कार्यालय प्रमुखांना आणि त्याची प्रत महालेखापाल कार्यालयाला आजच द्यावे: मी मयताची कायदेशीर पत्नी आहे, सर्व लाभांवर माझी हरकत आहे, मला ऐकून घेतल्याशिवाय कोणालाही अदायगी करू नये. त्याची आवक क्रमांकासह पोच घ्यावी. एकदा पैसे नॉमिनीच्या खात्यात गेले की कार्यालय आपली जबाबदारी संपली म्हणते आणि आपल्याला ती रक्कम त्या व्यक्तीकडून वसूल करत बसावे लागते. त्याच पत्रात कुटुंब निवृत्तिवेतनाचा प्रस्ताव स्वतंत्रपणे पाठवावा आणि त्यासाठी वारसा प्रमाणपत्राची अट घालू नये, अशी मागणी करावी. कार्यालयाने लेखी नकार दिला तर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जाता येते. आदेशापासून साधारण एका वर्षाची मुदत असते, ती चुकवू नये. मात्र पत्नी कोण हा वस्तुस्थितीचा वाद असेल तर न्यायाधिकरण आपल्याला दिवाणी किंवा कौटुंबिक न्यायालयाकडे पाठवील, हेही खरे. अनुकंपा नियुक्तीचा विषय आपण काढलेला नाही. कोणी काढला तर एवढेच लक्षात ठेवावे की ती नोकरी वारशाने मिळत नाही आणि या रकमांशी तिची सांगड घालू नये.

हे उत्तर खासगी आस्थापनांतील कुटुंबेही वाचतील, म्हणून थोडे त्यांच्यासाठी. कर्मचारी भविष्य निधी योजना, 1952 मध्ये कुटुंब असलेल्या सभासदाला कुटुंबाबाहेरची नॉमिनी नेमता येत नाही आणि कुटुंब नसताना केलेले नामनिर्देशन कुटुंब झाल्यावर रद्द होते. नामनिर्देशनच नसेल तर रक्कम कुटुंबातील व्यक्तींना समान मिळते, पण सज्ञान मुलगे आणि ज्यांचे पती हयात आहेत अशा विवाहित मुली त्यातून वगळल्या जातात. 1995 च्या पेन्शन योजनेत विधवेला निवृत्तिवेतन आणि सोबत दोन मुलांना वयाच्या पंचविसाव्या वर्षापर्यंत विधवेच्या निवृत्तिवेतनाच्या प्रत्येकी 25 टक्के मिळतात. ठेव-संलग्न विमा योजनेची रक्कम कमाल 7 लाख रुपये असून ती मागायचीच अनेकांच्या ध्यानात राहत नाही. ग्रॅच्युइटीसाठी 1972 च्या कायद्यात मृत्यू झाल्यास पाच वर्षांच्या सेवेची अट नाही, मालकाने ती तीस दिवसांत द्यायची असते आणि उशीर केल्यास व्याज द्यावे लागते. वारसाने अर्ज उशिरा केला एवढ्याच कारणाने दावा बुडत नाही. 21 नोव्हेंबर 2025 पासून या कायद्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता लागू झाली असल्याने मृत्यू त्या तारखेआधीचा की नंतरचा, हे दावा लिहितानाच नोंदवावे. दोन दावेदार असतील तर मालकाने स्वतः न्यायाधीश न बनता रक्कम सक्षम प्राधिकाऱ्याकडे किंवा न्यायालयात भरावी, हे सर्वांच्याच हिताचे आहे.

शेवटी तडजोडीबद्दल, कारण आपण पत्रात "आजी म्हणते मिटवून टाका" असे लिहिले आहे. आजींचे म्हणणे मला पटते. त्या बाईंनी वडिलांचे शेवटचे आजारपण काढले असेल, कायद्याने त्यांच्या हाती काही येत नाही आणि एका चौदा वर्षांच्या मुलाचे शिक्षण त्यांच्यावर आहे. आपल्या आईनेही पंधरा वर्षे एकटीने ओढली आहेत. निधीच्या रकमेपुरती तडजोड लोकअदालतीत होऊ शकते आणि तिथला निवाडा हुकूमनाम्याइतकाच बंधनकारक असतो. दोन गोष्टी मात्र सांभाळाव्यात. तो मुलगा अज्ञान असल्यामुळे त्याच्या वतीने होणाऱ्या तडजोडीला न्यायालयाची परवानगी लागते, आणि त्याचा वाटा तो सज्ञान होईपर्यंत राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवण्याचा आदेश सोबतच मागावा. दुसरे म्हणजे "पेन्शन तुम्ही घ्या, फंड आम्ही घेतो" किंवा "पेन्शनमधले दरमहा इतके तुम्हाला देऊ" असे कलम मसुद्यात येऊ देऊ नये. अजून देय न झालेले निवृत्तिवेतन दुसऱ्याला तोडून देण्याचा करार 1871 च्या पेन्शन कायद्याच्या कलम 12 प्रमाणे रद्दबातल असतो, आणि अशा एका कलमापायी उरलेली तडजोडही पुढे वादात सापडते. कुटुंब निवृत्तिवेतन त्या कागदावर येऊच नये. ते नियमांप्रमाणे ज्याचे त्याला, त्याच्या स्वतंत्र प्रस्तावावर मिळू द्यावे.